चौतीस पाय

बळूतात्यानं मला पहिल्यांदा बघितलं तेव्हा माझ्या तोंडाकडे बघितलंच नाही. मेटॅडोरच्या दारात उभा राहून त्यानं माझ्या पायांकडे बघितलं आणि म्हणाला, "घाटात गाडी चालवलीस व्हय?"

आंबोलीच्या घाटात मी दोन वर्षं ट्रक चालवला होता, ही गोष्ट तोवर मी बायकोपासूनही लपवून ठेवली होती. म्हटलं, "कुणी सांगितलं?"

"तुझ्या उजव्या चपलेनं. टाच सपाट झाली की. एवढा ब्रेक सपाटीवरचा माणूस दाबत न्हाय. नाव काय?"

"सदाशिव."

"सद्या, गाडी आठाला सुटणार आन् एकला परत स्टँडावर. मधी काय बी हुदे. रंकाळ्याला आग लागली तरी एक म्हंजे एक."

नव्वद सालानंतरची दोन-तीन वर्षं उलटली असतील. स्टँडासमोरच्या एका लॉजमालकानं सतरा सीटची मेटॅडोर घेतली होती आणि तिच्या कपाळावर 'अर्धा दिवस कोल्हापूर दर्शन' असा पत्रा ठोकला होता. सकाळी अंबाबाई, मग पन्हाळा, येताना रंकाळा आणि एकच्या ठोक्याला तांबड्या-पांढऱ्या रश्शाच्या वासात माणसं उतरवायची. ड्रायव्हर मी, गाईड बळूतात्या. त्याच्याकडे ना सरकारी बिल्ला, ना पदवी, ना माईक. माईकची गरजही नव्हती. तात्या पन्हाळ्यावर 'नमस्कार पावणं' म्हणाला की खाली वाघबीळातली कुत्री उठून उभी राहायची. मी वाढवून सांगतोय असं वाटत असेल तर त्या कुत्र्यांना विचारा.

उंची म्हणाल तर पाच फूट, आणि त्यातलं निम्मं अंग म्हणजे गळा. खांद्यावर टॉवेल, शर्टाच्या खिशात एक काड्यापेटी. काड्यापेटीत काड्या नसत, एक गव्हाचा दाणा आणि एक तांदळाचा दाणा असे. ती गंमत पुढं येईलच. पायात बापानं शिवलेल्या कोल्हापुरी. त्यांचा तळवा सोळा वेळा बदलला होता, पट्टे चार वेळा, अंगठा किती वेळा याची गणती नव्हती. मी एकदा विचारलं, "तात्या, ह्यात तुमच्या बापाचं आता राहिलंय काय?"

"माप," तात्या म्हणाला.

त्याचा बाप सुभाषनगरात चपला शिवायचा. दुकान म्हणजे एक फळी आणि तिच्याखाली रांगणारा बळू. माणूस म्हणजे घोट्यापासून खाली, एवढीच त्याची पहिल्या पाच वर्षांतली ओळख. ती शेवटपर्यंत तशीच राहिली. गाडीत बसलेल्या माणसांची नावं त्यानं कधी विचारली नाहीत. "ओ काळे बूट, खिडकी लावा." "पांढरी सँडल, पोराला धरा." "अंगठ्याजवळ उसवलंय ते पावणं, तुमी पुढं या." लोक आधी चिडायचे आणि पन्हाळ्याच्या नाक्यापर्यंत एकमेकांना त्याच नावानं हाक मारायला लागायचे. एक नवरा-बायको तर असे होते की घरी गेल्यावरही तिनं त्याला 'चॉकलेटी बूट' म्हणायचं सोडलं नाही, असं पत्र आलं होतं.

एकदा अंबाबाईच्या दारात एक लठ्ठ गृहस्थ तोऱ्यात निघाले होते. तात्यानं त्यांची वाट अडवली. "पावणं, उजवा पाय तुमचा न्हाय."

गृहस्थ भडकले. "पाय माझा नाही म्हणजे?"

"पाय तुमचाच हाय. बूट न्हाय. डावा तुमचा, उजवा दुसऱ्याचा. तुमी चालताय असं, जसं उजवीकडं सासुरवाडी हाय."

गृहस्थांनी खाली बघितलं. दोन्ही बूट काळे, दोन्ही नऊ नंबर, कंपनीही एकच. तरी तात्याचं खरं निघालं. उजव्याचा मालक आत अभिषेकाला बसला होता आणि बाहेर आल्यावर त्यानंही दुसरा बूट घालून 'मघापासून गुडघा का दुखतोय' अशी तक्रार केली. हे मी डोळ्यांनी बघितलं आहे. गुडघ्याचं मात्र तात्याकडून ऐकलं.

आता त्याच्या गाईडगिरीविषयी. तात्याचा एक नियम होता. आकडा केवढाही मोठा सांगायचा, पण समोरचा माणूस लहान करायचा नाही. त्यामुळे रंकाळ्याच्या खोलीचा विषय निघाला की तो म्हणायचा, "दोरी सोडली, दोरी संपली. दुसरी जोडली, ती बी संपली. मग दोरी धरणाऱ्याची सुट्टी संपली, तो गावाला गेला." यावर कुणी शहाण्यानं 'हे शक्य नाही' म्हटलं की तात्या लगेच म्हणायचा, "बरोबर हाय तुमचं. तुमी शिकल्याली माणसं. दोरीच आखूड आसंल." शहाणा खूश, दोरी खूश.

पावसाळ्यात एकदा पन्हाळ्यावर असं धुकं उतरलं की मला माझ्या गाडीचं बॉनेट दिसेना. पुण्याची मंडळी होती. पैसे परत मागायच्या बेतात होती. तात्यानं सगळ्यांना तटावर ओळीनं उभं केलं आणि समोरच्या पांढऱ्या भिंतीकडे बोट केलं. "तो बघा जोतिबाचा डोंगर. शिखरावर ऊन पडलंय. त्याच्या पायाशी ही अशी वळण घेतल्याली नदी. उसाला तुरा आलाय. आन् त्या डोहापाशी एक माणूस म्हस धुतोय, दिसला? लाल पटक्याचा. म्हस जरा तापट हाय."

अर्धा तास तो बोलत होता. लोकांनी धुक्याचे फोटो काढले. एका आजोबांनी तर म्हशीला लांबून नमस्कार केला. आणि मग वारा सुटला, धुकं बाजूला झालं, खरा देखावा दिसला. डोंगर होता, नदी होती, ऊस होता. पुणेकरांनी दोन मिनिटं बघितलं आणि एकजण म्हणाला, "मघाशी जास्त छान होतं."

"आणि तो म्हैसवाला?" आजोबांनी विचारलं.

"गेला की धुऊन," तात्या म्हणाला. "धुकं जाईपर्यंत थांबतोय व्हय?"

तर असा हा माणूस. जगातल्या सगळ्या गोष्टींत तो वाढवून बोलायचा, फक्त एका गोष्टीत नाही. रोज सकाळी गाडी सुटायच्या आधी तो दारात उभा राहायचा, वाकून पाय मोजायचा आणि मग सरळ होऊन सांगायचा, "सतरा माणसं, चौतीस पाय. सतरा नेतो, सतरा आणतो. एक माणूस कमी घेऊन आलो, तर उद्यापासनं बळूतात्या ह्या गाडीत दिसायचा न्हाय. डायवर साक्षी हाय." मग मी एकदा हॉर्न वाजवायचा. ती आमची प्रार्थना होती.

मी पहिल्या महिन्यात हसलो होतो. तेव्हा तात्या चहाचा कप खाली ठेवून म्हणाला, "सद्या, मी सांगतो त्यातलं निम्मं खोटं हाय, हे मला बी म्हाईत हाय आन् पावण्यास्नी बी. मग माझ्यावर इस्वास कशावर ठेवायचा? परक्या गावात माणूस आपल्या हवाली हुतोय. तो परत आणून सोडतो, एवढी एकच गोष्ट माझ्याकडं खरी हाय. ती गेली की मग मी नुसता बडबड्या." त्यानंतर मी हसलो नाही. हॉर्न मात्र जोरात वाजवायला लागलो.

वर्षांमागून वर्षं तो आकडा चुकला नाही. आणि जेव्हा चुकला, तेव्हा असा चुकला की तसा चुकायला कोल्हापूरच पाहिजे आणि माणूसही बळूतात्याच पाहिजे.

दिवाळी होऊन गेलेली. गाडीत सतरा माणसं. त्यांत मागच्या सीटवर एकट्या बसलेल्या नागपूरच्या एक बाई होत्या, नुकत्याच निवृत्त झालेल्या हेडमिस्ट्रेस. बारीक अंग, करडी साडी, चष्मा आणि पायात तपकिरी सँडल. डाव्या सँडलच्या पट्ट्याला घरी घातलेला हिरव्या दोऱ्याचा टाका. तात्यानं स्टँडवरच त्यांची नोंद केली होती: "हिरवा टाका."

देवळात तात्या आत जात नसे. सगळे दर्शनाला गेले की तो चप्पल स्टँडापाशी उभा राहायचा, कारण त्याचा हिशेब तिथंच असायचा. सव्वानऊला निघायचं. पण त्या दिवशी तेवढ्यात त्याला ओळखीचा चहावाला भेटला, आणि हा पठ्ठ्या पाच मिनिटं पाठमोरा झाला.

त्या पाच मिनिटांत काय घडलं, ते आम्हाला दुपारी कळलं. बाई दर्शन घेऊन लवकर बाहेर आल्या. शेजारच्या गल्लीत जाऊन त्यांनी हातरुमालात बांधून आणलेल्या सगळ्या पैशांच्या कोल्हापुरी चपला घेतल्या आणि तिथंच पायात घातल्या. आता जुन्या सँडलचं काय करायचं? पायरीवर एक म्हातारी बसली होती. नऊवारी, हातात ओटीचं रिकामं ताट, आणि मांडीवर अंगठा तुटलेली चप्पल. बाईंनी तिला सँडल दिल्या. माप जुळलं. म्हातारीनं आशीर्वाद दिले. बाई खूश होऊन म्हणाल्या, अजून वेळ आहे, ते कोरीव खांब पुन्हा एकदा बघून घेऊ, आणि दुसऱ्या दरवाजानं परत आत गेल्या.

तात्या चहा संपवून वळला. समोर पायरीवर तपकिरी सँडल. डाव्या पट्ट्याला हिरवा टाका.

"चला, चला हिरवा टाका," तात्या ओरडला. "सगळी बसली, तुमच्यासाठीच गाडी खोळंबली."

"माझ्यासाठी?" म्हातारी म्हणाली.

"मग काय माझ्यासाठी? उठा, हात द्या."

म्हातारीचं नाव तानूबाई. आजऱ्याकडची. उचगावात दिलेल्या लेकीकडे आली होती आणि एकटीच अंबाबाईची ओटी भरायला निघाली होती. तिनं नंतर मला सांगितलं, "मला वाटलं, देवीला आज काय तर झालंय. आधी चपला दिल्या, आता गाडी दिली. न्हाय कशी म्हणू?"

तात्यानं दारात वाकून पाय मोजले. चौतीस. मी आरशात बघितलं. मागच्या सीटवरचा चष्मा गेला होता आणि करड्या साडीची हिरवी नऊवारी झाली होती. खोटं कशाला बोलू, क्षणभर चमकलो. मग म्हटलं, देवळात जायचं म्हणून नेसल्या असतील. मोजणं त्याचं काम, ब्रेक माझं. गिअर टाकला.

पन्हाळ्यापर्यंत म्हातारी खिडकीला नाक लावून गप्प होती. अंबरखान्यात मात्र तिला कंठ फुटला. तात्यानं त्याचं नेहमीचं सुरू केलं होतं. हे धान्याचं कोठार, ह्यात एवढं भात मावायचं की अख्ख्या गडानं सात वर्षं जेवून ढेकर दिला तरी पाठीमागं पोती शिल्लक.

"आन् उंदरं?" मागून आवाज आला.

"काय?"

"एवढं भात म्हटल्यावर उंदरं आली आसतील की. सात वर्सांत उंदरास्नी पोरं हुत्यात, त्यास्नी नातवंडं. भात माणसांनी खाल्लं का उंदरांनी?"

सगळे हसले. तात्या पहिल्यांदाच अडखळला. मग म्हणाला, "मांजरं पाळल्याली."

"किती?"

"...एक हजार."

"मग दुदाचं कसं केलं?"

मी तुम्हाला सांगतो, त्या सकाळी बळूतात्याची जी दमछाक झाली ती गड चढणाऱ्या शत्रूचीही झाली नसेल. तीन दरवाज्यापाशी तिनं विचारलं, एका दरवाज्यानं भागत होतं तर तीन कशाला केले, दोघं भाऊ वेगळे निघाले व्हय? अंधारबावीत, म्हणजे गडावरच्या त्या गार काळोख्या विहिरीत, ती पाय पसरून बसली आणि म्हणाली, इथं लोणच्याच्या बरण्या ठेवल्या तर कधी नासायच्या नाहीत. बाकीची मंडळी आता तात्याकडे नाही, तिच्याकडे बघत होती. तात्याला राग यायला हवा होता. पण तो प्रत्येक उत्तरानंतर जास्तच खुलत होता. इतक्या वर्षांत त्याला कुणी 'हे खोटं आहे' म्हणणारे भेटले होते, 'पुढं काय झालं' विचारणारं असं कुणी भेटलं नव्हतं.

येताना रंकाळ्याच्या काठी नंदीपाशी थांबलो. इथं तात्या ती काड्यापेटी काढायचा. आमच्याकडे म्हणतात की हा नंदी दर वर्षी गहूभर पुढं सरकतो आणि तांदूळभर मागं येतो. ज्या दिवशी तो रंकाळ्याला टेकेल, त्या दिवशी जगबुडी. तात्या दोन्ही दाणे तळहातावर ठेवायचा आणि दाखवायचा की गहू जरासाच मोठा आहे, म्हणजे काळजी नको, अजून पुष्कळ वर्षं आहेत, पुढच्या सुट्टीत परत या.

तानूबाईनं तळहात जवळ ओढला. "हा तांदूळ कुठला?"

"कुठला म्हंजे? तांदूळ हाय."

"बाबा, ह्यो लांबडा हाय, दुकानातला. आमच्या आजऱ्याचा घनसाळ आसतोय एवढासा. नंदी जुना हाय न्हवं? मग त्या टायमाला हितं घनसाळच खात आसणार. गहू तेवढाच आन् तांदूळ बारका, म्हंजे नंदी तू म्हणतोस त्याच्या परीस बिगीनं निघालाय. घरातली कामं आवरून घ्याला पायजेत."

सोळा माणसं पोट धरून हसत होती. तात्या तळहाताकडे बघत राहिला. मग त्यानं हात जोडले आणि म्हणाला, "आज्जी, लई ट्रिपा केल्या, पण तुमच्यासारखी नागपूरकर बघितली न्हाय."

"कुठली?"

"नागपूरच्या न्हवं तुमी?"

"मी? मी आजऱ्याची. उचगावला लेकीकडं आलोय."

तात्याची नजर हळूहळू त्या सँडलवरून वर गेली. गुडघे, कंबर, ताट, आणि शेवटी तोंड. मला वाटतं, इतक्या वर्षांत ग्राहकाचं तोंड त्यानं पहिल्यांदा बघितलं असेल. "ह्या सँडल?"

"एका बाईनं दिल्या की देवळात. चष्म्याच्या. लई गुणाची बाई."

मी धावत जाऊन मागची सीट बघितली. खाली एक कापडी पिशवी होती. त्यात बाईंचं पाकीट, पाण्याची बाटली आणि दुपारी दोनच्या गाडीचं नागपूरचं तिकीट. घड्याळात बारा वाजून दहा मिनिटं. म्हणजे परक्या गावात, हातात पैसे नसलेली एकटी बाई तीन तास देवळाच्या दारात उभी होती.

तात्या गाडीच्या पायरीवर बसला. त्याचा तो गळा कुठं गेला देव जाणे. हळू आवाजात म्हणाला, "संपलं सद्या."

"आधी चला," मी म्हटलं. "एकला पन्नास मिनिटं आहेत."

रंकाळ्यापासून देवळापर्यंत मी गाडी कशी नेली ते विचारू नका. पोलिसानं शिट्टी वाजवली ती ऐकू आली तेव्हा आम्ही पोचलो होतो. बाई चप्पल स्टँडापाशी नव्हत्या. चारही दरवाजे बघितले, नाहीत. तात्याला त्यांचं तोंड आठवेना. करडी साडी त्यानं बघितली नव्हती, चष्माही नाही. त्याला माहीत होत्या त्या फक्त सँडल, आणि त्या आता तानूबाईच्या पायात होत्या. मला चष्मा आणि करडी साडी आठवत होती, पण देवळाच्या दारात तशा पन्नास बायका होत्या.

तेव्हा तानूबाईच म्हणाली, "नव्या चपला घातल्यात तिनं. करकर वाजत हुत्या."

तात्याचा चेहरा उजळला. नवी करकरणारी कोल्हापुरी म्हणजे त्याच्या घरची भाषा. त्यानं फुलवालीला विचारलं, "मावशी, करकर कुणीकडं गेली?"

"कसली? बारीक का जाड?"

"बायकी. नवी. चाल शाळामास्तरणीची."

"व्हय व्हय. दोन फेऱ्या मारल्या हितनं. मग त्या अंगाला गेली."

बांगडीवाल्यानं पुढची दिशा दिली. उसाच्या रसवाल्यानं सांगितलं की इथून जाताना डावी करकर कमी झाली होती, म्हणजे पाय दुखत असणार. हे ऐकून तात्या थांबलाच. "पाय दुखाय लागला तर माणूस कुठं जाईल? जिथनं चप्पल घेतली तिथं." आणि तो पळत सुटला. मागं मी, माझ्यामागं सोळा प्रवासी आणि सगळ्यांच्या पुढं, आश्चर्य म्हणजे, तानूबाई.

चप्पल गल्लीतल्या चौथ्या दुकानात बाई मांडी घालून बसल्या होत्या. दुकानदारीण त्यांच्या नव्या चपलांना तेल चोळत होती. बाईंच्या समोर भाकरी, झुणका आणि ताकाचा तांब्या. आजूबाजूला गल्लीतली दहा-बारा माणसं, आणि प्रत्येकजण दुसऱ्याचं तोडून त्यांना कोल्हापूर सांगत होता. आम्ही पोचलो तेव्हा एकजण रंकाळ्याच्या खोलीवर आला होता आणि त्याच्या दोरीला तर बैल जुंपलेले होते.

तात्या दारात उभा राहिला. टॉवेल काढून हातात घेतला. "बाई, मी चुकलो. तुमास्नी इसरून गेलो. तीन तास तुमी हरवला हुता."

बाईंनी चष्म्यातून त्याच्याकडे बघितलं. उशिरा आलेल्या पोरांकडे चाळीस वर्षं बघून तयार झालेली नजर होती ती. "मी हरवले नव्हते हो. मी इथेच होते. हरवला होतात तुम्ही."

"व्हय."

"पहिली दहा मिनिटं घाबरले, खोटं नाही सांगत. मग या म्हणाल्या, पावणं, उन्हात काय उभ्या राहता, बसा की. तेव्हापासून बसलेय. उठूच देत नाहीत."

तात्यानं सगळं सांगितलं. रोजची शपथ, चौतीस पाय, उद्यापासून गाडीत दिसणार नाही तेही. साक्षी तर मीच होतो.

तानूबाईनं सँडलीतले पाय आपटले. "सपत काय घातलीस? परत सांग."

"एक माणूस कमी घेऊन आलो तर."

"सकाळी किती नेलीस?"

"सतरा."

"ही बाई धरून आता किती हाईत?"

तात्यानं सवयीनं वाकून पाय मोजले. "छत्तीस... अठरा."

"मग कमी कुठं हाय? एक जास्तीच आणलास की. आन् एकला आजून टाईम हाय. बोलत काय बसलाईस, गाडी काढ."

सगळी गल्ली हसली, पण तात्या हसला नाही. तो बाईंकडे बघत होता. "ह्यो झाला शब्दांचा खेळ. बाई, तीन तास तुमी माझ्या हिशेबात नव्हता. तुमी सांगा. तुमी सोड म्हणालात तर सोडतो."

बाईंनी ताकाचा शेवटचा घोट घेतला. "शिक्षा तर होणार. मी पैसे पन्हाळा बघायचे दिले होते. तो मला दाखवायचा. आजच."

"दोनची गाडी हाय तुमची."

"रात्रीही एक असते. मला शाळेत जायचं नाहीये आता."

एक वाजायला दोन मिनिटं असताना मेटॅडोर स्टँडावर लागली. अठरा माणसं. मी हॉर्न इतका वेळ दाबला की लॉजमालक पेन कानाला लावून बाहेर आला. आणि मग जन्मात पहिल्यांदा आमची अर्ध्या दिवसाची गाडी दुपारी परत निघाली. गाडीत बाई, तात्या आणि तानूबाई. तिला उतरायला सांगायची कुणाची छाती नव्हती. उचगावला लेकीकडे निरोप धाडला, आई गडावर गेली आहे.

त्या दुपारी गाईड तात्या नव्हताच. तानूबाईनं बाईंचा हात धरला आणि गड दाखवला. "ह्यो अंबरखाना. हितं सात वर्सांचं भात मावायचं. उंदरं लई माजलीवती, म्हणून हजार मांजरं पाळल्याली. मांजरांच्या दुदाला खाली शंभर म्हसी." सकाळी विचारलेल्या तिच्याच प्रश्नांची उत्तरं तिनं वाटेत तयार केली होती. बाई वहीत लिहून घेत होत्या. तात्या हात पाठीशी बांधून दोन पावलं मागं चालत होता.

शेवटी आम्ही पुसाटी बुरुजावर पोचलो तेव्हा सूर्य डोंगरांच्या रांगेवर टेकत होता. तानूबाई बोलायची थांबली. बाईंनी वही मिटली. तात्या पुढं आला आणि नुसता बघत राहिला. मला वाटलं, आता दोरी निघेल, म्हैस निघेल.

"सद्या," तो म्हणाला, "हे मी कधी बघितलंच न्हाय रं. आपली गाडी एकला खाली जात्या."

रोज लोकांना पन्हाळा दाखवणाऱ्या माणसानं पन्हाळ्याची संध्याकाळ पहिल्यांदा बघितली. वाढवून सांगण्यासारखं त्यात काही नव्हतं. त्यानंही सांगितलं नाही, आणि मीही सांगत नाही.

दुसऱ्या दिवशी आठ वाजता तो दारात हजर होता. वाकून पाय मोजले, मग सरळ झाला आणि एकेकाच्या तोंडाकडे बघून पुन्हा मोजलं. हे त्याला फार अवघड जायचं. तोंडं त्याला सगळी सारखी दिसायची. तरी तो प्रत्येकापाशी थांबून म्हणायचा, "हां, तुमी. बरं. आन् तुमी." काड्यापेटीत आता तीन दाणे होते. तिसरा घनसाळ. तानूबाई पुढची काही वर्षं हंगामात आजऱ्याहून त्याच्यासाठी एक पुरचुंडी पाठवायची, काजूसुद्धा असायचे त्यात. नागपूरहून दिवाळीला पत्र यायचं, लाल शाईनं तपासल्यासारखं.

पुढं लोक आपापल्या गाड्या घेऊन यायला लागले. दोन हजार सालानंतर तर मेटॅडोरमध्ये मी, तात्या आणि रिकाम्या सीटा अशी ट्रिप व्हायला लागली. मालकानं गाडी विकायची ठरवली. शेवटच्या दिवशी चार प्रवासी होते. तात्यानं आठ पाय मोजले, चार तोंडं मोजली, शपथ घातली, मी हॉर्न वाजवला. पन्हाळा, रंकाळा, नंदी, तीन दाणे, सगळं त्यानं असं सांगितलं की जणू गाडीत सतराजण आहेत आणि बाहेर सतराशे ऐकतायत. एकला स्टँडावर आलो. चारही उतरून गेले.

मी किल्ली काढत होतो. तात्या माझ्या बाजूच्या दाराशी आला, दार उघडलं आणि वाकून माझे पाय बघितले.

"दोन," तो म्हणाला. मग सरळ होऊन माझ्या तोंडाकडे बघितलं. बराच वेळ. एवढ्या वर्षांत त्यानं मला कधी मोजलं नव्हतं. "हां. ह्यो बी आला परत."

टॉवेल खांद्यावर टाकून तो निघाला. मी हॉर्न वाजवला. मागं न बघता त्यानं हात वर केला. स्टँडावरच्या गर्दीत पाच फुटी माणसाचं डोकं किती वेळ दिसणार, ते लगेच बुडालं. म्हणून मी खाली वाकलो आणि माणसांच्या पायांत त्या बापाच्या मापाच्या चपला शोधल्या. त्या सापडल्या. पार चहाच्या टपरीच्या वळणापर्यंत दिसत होत्या.